किल्ला ते कालवण

यंत्रमागाच्या गल्लीत राहणाऱ्यांना एक गोष्ट पक्की ठाऊक असते. दारं-खिडक्या कितीही लावून घेतल्या तरी कापसाचे तंतू घरात येतातच. भांड्यांवर, देव्हाऱ्यावर, चष्म्याच्या काचेवर. कुणी मुद्दाम आणत नाही, आपोआप येऊन बसतात. किस्स्यांचंही तसंच आहे. मी गेली चार वर्षं दर रविवारी वहीत फक्त तारीख, हवा आणि माणसांची संख्या लिहायची असं ठरवते, आणि वही भरते ती भलत्याच गोष्टींनी.

ही वही आमच्या सहलीची. सहल म्हणजे पायी. रविवारी सकाळी साडेसातला सोलापूरच्या भुईकोट किल्ल्याच्या दारात जमायचं, किल्ला बघायचा, तलावाच्या काठाने चालायचं, जुन्या पेठांतून भवानी पेठेत शिरायचं, एका विणकराच्या घरी माग बघायचा आणि शेवटी नरसम्माच्या गाड्यावर मासे खायचे. वाटेत दोन ठिकाणी तोंडात टाकायला मिळतं. तलावाकाठी कडक भाकरीच्या तुकड्यावर सुकटीची चटणी, आणि विणकराच्या घरी वाटीभर सुक्या बोंबलाचा रस्सा. सहलीचं नाव ‘किल्ला ते कालवण’.

सहल काढतो शिवानंद. वय त्रेचाळीस, आवाज असा की किल्ल्याच्या या बुरुजावरून बोलला तर त्या बुरुजावर ऐकू यावा. तो सगळ्यांच्या पुढे असतो, मी सगळ्यांच्या मागे. डोकी मोजायची, रेंगाळलेल्याला पुढे पाठवायचं आणि वही लिहायची, ही माझी कामं. तिसरी नरसम्मा. साठी ओलांडलेली, घरात तेलुगू, गिऱ्हाइकाशी सोलापुरी मराठी. नवऱ्याचे माग बंद पडले त्या वर्षी तिने लिंबाच्या झाडाखाली तवा मांडला, तो अजून उतरवलेला नाही.

आता मुख्य गोष्ट. चार वर्षं लोकांना मासे खायला नेणाऱ्या शिवानंदने स्वतः एकदाही मासा खाल्लेला नाही. त्याचं घर शुद्ध शाकाहारी. नरसम्माच्या तव्याजवळ तो उभा राहतो तो वारा कुठल्या बाजूने येतोय ते बघून.

०

पहिल्याच महिन्यातला किस्सा. कोकणातले एक गृहस्थ आले होते, सोलापुरात दिलेल्या लेकीला भेटायला. किल्ल्यापासून त्यांचं एकच पालुपद. “सोलापुरात मासे? समुद्र कुठाय इथे?”

शिवानंदने खंदक दाखवला तर म्हणाले, “यात सापडतात काय?” तलाव दाखवला तर तेच. सुकटीची चटणी मात्र त्यांनी दोनदा घेतली, पण बोलले नाहीत.

नरसम्माच्या गाड्यावर पोचलो. तिच्याकडे धरणातली चिलापी रोज असते आणि रविवारी समुद्राचा बांगडाही असतो, बर्फात घालून आलेला. गृहस्थांनी बांगडा उचलला, कल्ला बोटाने उघडला, वास घेतला आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं विचारलं, “हा तिकडून निघालाय कधी?”

नरसम्मा तव्यावर तेल सोडत होती. मान वर न करता म्हणाली, “तुमी कवा निघालाय?”

“मी? मी परवा.”

“ह्यो काल निघालाय. तुमच्यापरीस ताजा हाय की.”

गृहस्थांच्या लेकीलाच आधी हसू फुटलं. वहीत नोंद आहे: कोकणचे पाहुणे, बांगडे तीन.

०

शिवानंद जो इतिहास सांगतो तो सगळा त्याच्या वडिलांचा. वडिलांना तो अप्पा म्हणतो. अठ्ठ्याहत्तर वर्षांचे, शाळेत इतिहास शिकवून निवृत्त झालेले, त्यामुळे जुन्या गावातले निम्मे लोक त्यांना गुरुजीच म्हणतात. त्यांचा आठवडा ठरलेला. सोमवारी देऊळ, बुधवारी वाचनालय, गुरुवारी पेन्शनरांचा कट्टा आणि शनिवारी संध्याकाळी मुलाची शिकवणी. त्रेचाळीस वर्षांचा शिवानंद अजूनही चटईवर मांडी घालून बसतो आणि अप्पा खुर्चीत बसून सांगतात. तटबंदी, बुरूज, कुठल्या दारातून कोण आलं, कोण गेलं. मधेच थांबून विचारतात, “मागच्या शनिवारी काय झालं? सांग बघू.”

अप्पांना सहलीचा अभिमान आहे. पण त्यांना ठाऊक असलेलं सहलीचं नाव ‘किल्ला ते कापड’. किल्ल्यापासून निघायचं, विणकराच्या घरी माग बघायचा, संपलं.

खरं नाव सांगायची शिवानंदची हिंमत नव्हती, आणि त्याला कारण होतं. त्याच्या थोरल्या भावाने कॉलेजच्या हॉस्टेलवर आमलेट खाल्लं होतं. हे घरी कळलं आणि अप्पा त्याच्याशी सहा महिने बोलले नाहीत. शिवानंद तेव्हा नववीत. मला सांगत होता, “ताई, सुट्टीत दादा ताटावर समोर बसलेला असायचा आणि अप्पा मला म्हणायचे, ‘तुझ्या भावाला मीठ हवंय का विचार.’ मी विचारायचो. दादा मला सांगायचा, मी अप्पांना सांगायचो. सुट्टी संपेपर्यंत हेच.”

मी म्हटलं, “पण तू तर खातही नाहीस.”

“खात नाही, खायला घालतो. ते जास्त झालं.” मग म्हणाला, “अप्पा बोलायचे थांबले तर शनिवार गेला. शनिवार गेला तर सहल ठेवून काय करू?”

म्हणून दर रविवारी सहल संपली की तो आधी माझ्या घरी येतो. बेसन आणि लिंबू लावून कोपरापर्यंत हात धुतो, शर्ट बदलतो आणि मग घरी जातो. माशाला बोटही न लावलेला माणूस.

एका रविवारी घरी पोचला तर अप्पा ओट्यावर पेपर वाचत होते. पेपरामागूनच म्हणाले, “शिवानंद, तुझी सहल फार स्वच्छ दिसते. जाताना निळा शर्ट, येताना पांढरा.”

“घाम येतो अप्पा, चालून चालून.”

“डिसेंबरात?”

त्या आठवड्यात शिवानंदने बाजारात जाऊन अगदी सारखे दोन निळे शर्ट आणले.

०

न खाणाऱ्याने चव सांगायची कशी? ती सोय माझ्या वहीत आहे. माझं माहेर केम गावचं. उजनी धरणाचे मासे आमच्याकडे बाजाराच्या दिवशी यायचे, त्यामुळे काटा काढायला मी अक्षरओळखीच्या आधी शिकले. शिवानंद मला विचारायचा आणि मी वहीत लिहून द्यायचे. “चिलापी. वरून कुरकुरीत, आतून मऊ. आधी तिखट लागतं, मग चिंचेचा आंबटपणा जिभेच्या कडेला रेंगाळतो.” तो ते पाठ करायचा आणि गाड्यापाशी उभा राहून असं सांगायचा की ऐकणाऱ्याला वाटावं, हा माणूस चिलापीवरच वाढला. इतिहास विणकराच्या घरी संपला की गाड्यावर तो फक्त चव सांगतो, दुसरं काही नाही.

एका रविवारी पुण्याहून आठ जणी आल्या होत्या. शिवानंद रंगात आला. “आता लक्ष द्या. तिखट ओसरलं की चिंच येईल. घाई करू नका. ती कडेने येते.”

आठही जणी डोळे मिटून चिंचेची वाट बघत होत्या.

त्यातली एक म्हणाली, “सर, ही चिंच नाहीये. पाल्याचं काहीतरी आहे. अंबाडी आहे का?”

मी नरसम्माकडे बघितलं. ती शांतपणे म्हणाली, “चिंच बरी मिळाली न्हाय. परवापासनं अंबाडीच घालतीया.”

शिवानंदचं पाठांतर सगळ्यांसमोर चुकलं होतं. पण चार वर्षं अप्पांच्या हाताखाली शिकलेला माणूस तो. खिशातून रुमाल काढला, कपाळ टिपलं आणि म्हणाला, “इतिहासात असे बदल होत असतात.”

पुण्याच्या दोघींनी ते वाक्य लिहून घेतलं.

०

एक निवृत्त साहेब होते. आयुष्यभर सह्या केलेले, त्यामुळे विचारायची सवय मोडलेली. त्यांनी फोन करून सांगितलं, “माझ्याकडे पाहुणे आलेत. बुधवारी सकाळी सहल ठेवा. अकराला मासे.”

शिवानंदला हरकत नव्हती. आम्ही नरसम्माला विचारायला गेलो. ती म्हणाली, “बुधवारी न्हाय जमत.”

“का?”

“बुधवारी अकराला माझं एक गिऱ्हाईक येतंय. त्याला गर्दी चालत न्हाय.”

साहेब स्वतः गाडी घेऊन तिच्या गाड्यावर आले. “बाई, मी दहा माणसं आणतोय. तुमचं ते गिऱ्हाईक एकटं. काय घेतं ते?”

“मरळीचा मधला तुकडा. एक.”

“एक तुकडा?”

“एकच. पर काटा काढून, कमी तिखटाचा. लई वर्सं झाली. पाऊस असू दे, ऊन असू दे, अकरा म्हंजी अकरा.”

“कोण एवढा मोठा माणूस आहे?”

“मोठा न्हाय,” नरसम्मा म्हणाली. “जुना हाय.”

साहेबांना आयुष्यात पहिल्यांदा रविवार घ्यावा लागला. आले ते मात्र सगळ्यांच्या आधी, सव्वासातला.

०

डोकी मोजणं सोपं काम आहे असं ज्यांना वाटतं त्यांनी एकदा करून बघावं. त्या दिवशी यादीत पंधरा नावं होती. किल्ल्याच्या दारात मी मोजले तर सोळा. मला वाटलं स्वतःला धरून मोजलं. तलावाकाठी पुन्हा सोळा. भाकरीचे तुकडे पंधरा ठेवले होते, एक कमी पडला. मी माझा दिला.

सोळावे कोण ते तोवर लक्षात आलं होतं. पांढरं धोतर, डोक्याला टोपी, काखेत पिशवी. मला वाटलं शिवानंदच्या ओळखीचे. शिवानंदला वाटलं माझ्या माहेरचे. सगळ्यांत मन लावून तेच ऐकत होते. खंदकापाशी विचारलं, “हितं पानी किती खोल हुतं?” विणकराच्या घरी मागाला हात जोडले. बोंबलाचा रस्सा वाटी तिरकी करून शेवटच्या थेंबापर्यंत घेतला. गाड्यावर चिलापी खाऊन काटे नीट एका कडेला लावले. मग हात धुऊन आले आणि पिशवीतून प्लास्टिकच्या पाकिटातली आधारकार्डाची झेरॉक्स काढली.

“सायेब, फॉर्म कुटं भरायचा?”

शिवानंद म्हणाला, “कसला फॉर्म, काका?”

“ज्येची रांग हुती त्येचा.”

मग उलगडलं. माढ्याहून दवाखान्यात पाहुण्याला बघायला आलेले. आत सोडायची वेळ बाराची. तोवर काय करायचं म्हणून फिरत किल्ल्यापाशी आले, रांग दिसली, उभे राहिले.

शिवानंदने समजावलं. “काका, ही योजना नाही. ही सहल आहे. चालायचं, जुन्या गोष्टी बघायच्या आणि मासे खायचे. बस.”

त्यांनी थोडा विचार केला. झेरॉक्स परत पाकिटात घातली.

“मग लई चांगली योजना हाय की. आमच्या माढ्याला कवा येनार?”

०

एकदा कॉलेजात शिकवणाऱ्या एक मॅडम आल्या. किल्ल्यात त्यांनी काही विचारलं नाही, विणकराच्या घरीही नाही. ऐन चिलापी पुढ्यात आल्यावर त्यांना आठवलं. “सर, एक राहिलं. डोंगर नाही, चढ नाही, सपाट जमिनीवर किल्ला. मग तो टिकला कशावर? भिंतींवर?”

शिवानंद नेमका वाऱ्याच्या उलट्या बाजूला सापडला होता. तळणीचा धूर सगळा तोंडावर. त्याने श्वास धरलेला, उत्तर द्यायचं तर सोडावा लागणार. तो नुसता हात हलवत राहिला.

तव्यामागून आवाज आला, “किल्ला भिंतीवर टिकत न्हाय. पाण्यावर टिकतो. पाणी संपलं की किल्ला संपला, भिंती हुब्या असल्या तरी.”

मॅडमनी आधी नरसम्माकडे बघितलं, मग शिवानंदकडे. शिवानंद धुरातून बाहेर आला होता. “हे अप्पांचं वाक्य आहे,” तो म्हणाला. “जसंच्या तसं. नरसम्मा, तुला कुठून कळलं?”

“गिऱ्हाइकं बोलत्यात. कानावर पडतंय.”

“माझ्या सहलीतले लोक असणार,” शिवानंद मला म्हणाला. खूश झाला होता. त्याचा इतिहास लोक खाता खाता बोलतात, याहून काय पाहिजे?

मी वहीत लिहून ठेवलं. नरसम्मा, पाणी, किल्ला. पुढे एक प्रश्नचिन्ह काढलं. का काढलं ते तेव्हा मला सांगता आलं नसतं.

०

आता शेवटचा. हा या हिवाळ्यातला.

एका रविवारी सहलीत पेपरमध्ये काम करणारा एक पाहुणा होता. त्याने फोटो काढले. गुरुवारी छापून आलं. फोटोत शिवानंद नरसम्माच्या तव्यापाशी, हातात चिलापीची प्लेट, चेहऱ्यावर हसू. वर जाड अक्षरांत ‘किल्ला ते कालवण’.

शिवानंदने पहाटे उठून घरचा पेपर लपवला आणि अप्पांना सांगितलं, “आज पेपरवाला आला नाही.” पण गुरुवारी पेन्शनरांचा कट्टा असतो, आणि तिथे चार पेपर येतात.

अप्पा कट्ट्यावरून आले, जेवले, झोपले. काही बोलले नाहीत. शुक्रवारीही नाही. शनिवारी संध्याकाळी शिवानंद चटईवर बसला. अप्पांनी नेहमीसारखं शिकवलं. बुरूज, दरवाजे, दारूगोळ्याची कोठारं. शेवटी चष्मा पुसत म्हणाले, “उद्या मी येतो तुझ्या सहलीला.”

मला लगेच फोन आला. “ताई, उद्याची शेवटची.”

“अरे, काही बोलले का ते?”

“नाही ना. तेच तर. आता हे सहा महिन्यांचं नाही. या वयात ते बोलायचे थांबले तर...”

आम्ही ठरवलं ते असं. सुकटीच्या जागी शेंगाचटणी. विणकराच्या घरी बोंबलाऐवजी चहा. आणि तिथेच सहल संपवायची. गाड्याकडे जायचंच नाही. लोकांना मी नंतर हळूच घेऊन जाईन. नरसम्माला सांगितलं, “शिवाचे वडील येणार आहेत उद्या, कट्टर शाकाहारी. आम्ही येणार नाही, लोक उशिरा येतील.” ती म्हणाली, “येऊ दे की त्यास्नी बी. बघतील आन जातील. माझा तवा माणूस खात न्हाय.”

रविवारी साडेसातला अप्पा किल्ल्याच्या दारात हजर. पांढरं धोतर, काळा कोट, हातात छत्री. माणसं चौदा, अप्पा धरून पंधरा. किल्ल्यात शिवानंदचा आवाज त्या बुरुजावर काय, तिसऱ्या माणसालाही पोचत नव्हता. अप्पा मधे मधे सावकाश दुरुस्ती करत होते. “उत्तरेचा नव्हे, पश्चिमेचा.” “तो दरवाजा नव्हे, हा.” लोकांना वाटलं, आज दोन गाइड आहेत.

तलावाकाठी शेंगाचटणी आली. एका पाहुण्याने विचारलं, “अहो, माशांची सहल ना ही?”

“ही प्रस्तावना आहे,” शिवानंद म्हणाला.

विणकराच्या घरी चहा झाला. शिवानंदने हात जोडले आणि म्हणाला, “तर इथे आपली सहल संपते.”

कुणी हललं नाही. प्रस्तावनेवर सहल संपली, हे कुणाला पटेना. तेवढ्यात अप्पांनी कोटाच्या खिशातून पेपरचं कात्रण काढलं, चष्मा लावला आणि वाचलं, “किल्ला ते कालवण.” कात्रणाची घडी घातली. “किल्ला झाला. कालवण राहिलं.”

आणि छत्री टेकवत ते रस्त्याला लागले. आम्ही मागे. शिवानंद पळत पुढे जाऊन म्हणाला, “अप्पा, तुम्ही कशाला? ऊन झालंय, मी रिक्षा बोलावतो.” अप्पा चालत राहिले. शिंप्याच्या दुकानापाशी डावीकडे वळले. पाण्याच्या टाकीपाशी उजवीकडे वळले. मी सगळ्यांच्या मागे होते, डोकी मोजत होते, तरी एक गोष्ट माझ्या ध्यानात आली. वळणं त्यांना कुणी दाखवली नव्हती.

गाड्यापाशी पोचल्यावर त्यांनी चपला काढल्या आणि लिंबाच्या बुंध्याशी जोडीने ठेवल्या. बुंध्यात एक खिळा आहे, चार वर्षांत मी तो कधी बघितला नव्हता. त्या खिळ्याला त्यांनी छत्री अडकवली.

नरसम्मा पाठमोरी बसून मासे साफ करत होती. वळली ती छत्रीकडे बघूनच.

“गुरुजी,” ती म्हणाली, “आज रविवार की. मरळ बुधवारी येती. आज चिलापी हाय, चालंल का?”

वहीतल्या त्या प्रश्नचिन्हाचं उत्तर समोर चपला काढून उभं होतं.

मग तिने आमच्याकडे बघितलं. चौदा माणसं. पुढे शिवानंद. तिने शिवानंदचं नाक बघितलं, अप्पांचं नाक बघितलं, आणि तोंडावर हात ठेवला. “अय्यो,” म्हणाली आणि गॅस बारीक केला.

अप्पा स्टुलावर बसले. मांडीवर रुमाल पसरला. “चालेल,” म्हणाले.

प्लेट आली. त्यांनी ती हातात घेतली, पण खाल्लं नाही. “शिवानंद, या माशाबद्दल तू लोकांना काय सांगतोस? सांग बघू.”

शनिवारी विचारतात अगदी तसंच. शिवानंदने माझ्याकडे बघितलं. पाठ असलेलं सगळं पुसलं गेलं होतं. मी वही उघडून त्याच्या हातात दिली. तो वाचायला लागला. “चिलापी. वरून कुरकुरीत, आतून मऊ. आधी तिखट लागतं. मग अंबाडीचा आंबटपणा. काटा मधला एकच, तो सहज सुटतो...”

अप्पा डोळे मिटून खात होते. मधेच थांबले, ओठांवरून एक बारीक काटा काढून प्लेटच्या कडेला ठेवला. थोड्या वेळाने दुसरा.

“काट्याचं चुकलंय,” ते म्हणाले. “कडेलाही बारीक असतात. बाई, दुरुस्त करून घ्या.”

मी वही परत घेतली आणि दुरुस्त करून घेतलं. आमचे चौदा जण प्लेट हातात घेऊन कडेचे काटे शोधत होते.

अप्पांनी खाऊन संपवलं. हात धुतले, रुमालाने एक एक बोट पुसलं. खिळ्यावरची छत्री काढली. मग शिवानंदकडे बघून म्हणाले,

“तुझ्या भावाला फोन लाव. पुढच्या रविवारी मोकळा आहे का विचार.”